बादलीचा मान

"बाई, तुमचं वजन किती?"

कॅप्टन रणनवरे यांनी हा प्रश्न इतक्या गंभीरपणे विचारला, की मी हातातली वही छातीशी धरून नकळत मागे सरले. फाल्गुनातली टळटळीत दुपार होती. वडजाईच्या माळावरचं गवत उन्हाने पिवळंधमक पडलं होतं आणि त्या गवतात एक पंख जमिनीला टेकवून ग्लायडर पडलं होतं. पोट भरून रवंथ करणाऱ्या जनावरासारखं निवांत, तिरकं.

"वजन?" मी म्हटलं.

"वय नाही विचारलं. वजन विचारलं."

"अहो, बाईमाणसाला काय विचारावं याची काही रीत आहे का नाही?" शेडच्या सावलीत सतरंजी टाकून बसलेल्या अनसूयावहिनी म्हणाल्या. त्या साहेबांच्या पत्नी. रोज दुपारी डबा घेऊन त्या माळावर येत आणि साहेब शेवटचं उड्डाण करून खाली उतरेपर्यंत तिथेच बसत. आयुष्यात त्या एकदाही विमानात बसल्या नव्हत्या. पण वर बघत बसण्यात मात्र कधी खंड पडला नव्हता.

"विमानाला रीत कळत नाही," साहेब म्हणाले. "त्याला वजनच कळतं. पुढची जागा हलकी झाली की ते नाक वर करतं. एखाद्या जावयासारखं."

मी वजन सांगितलं. साहेबांनी माझ्याकडे, मग आकाशाकडे पाहिलं आणि हाक दिली, "दस्तगीर! शिशाच्या पाट्या आण. सगळ्या."

दस्तगीर मुलाणी हा तिथला विंच चालवणारा. माळाच्या पार दुसऱ्या टोकाला एका जुन्या ट्रकचं इंजिन जमिनीत पक्कं रोवलेलं होतं. ते वेगाने दोर गुंडाळी आणि दोराच्या ओढीने, पतंग वर जावा तसं, हे बिनइंजिनाचं विमान वर जाई. पाट्या आणून माझ्या आसनाखाली रचता रचता दस्तगीर म्हणाला, "साहेब, बाईंपेक्षा पाट्याच जड झाल्या की हो! मग बाईंना कशाला नेताय? पाट्याच न्या."

"शिसं कशाला भरताय त्या पोरीच्या बुडाखाली?" वहिनींनी डबा उघडला. "ये गं इकडं. आधी भाकरी खा. जेवढं पोटात जाईल तेवढ्या पाट्या कमी."

मी भाकरी खाल्ली. पिठलं खाल्लं. नको म्हणण्याची त्या दिवशी माझी प्राज्ञाच नव्हती. कारण या माळावरून मला एक लेख न्यायचा होता आणि त्या लेखावर माझं पुढचं सगळं अवलंबून होतं.

तेव्हा मी पुण्याच्या एका दैनिकात रविवारच्या पुरवणीचं 'महिलांसाठी' हे पान सांभाळत असे. स्वेटरचे नमुने, लोणच्यांचा मसाला, पडद्यांच्या झालरी. विद्यापीठातून मराठी घेऊन पहिल्या वर्गात एम.ए. झालेल्या मुलीला त्या वर्तमानपत्रात एवढंच आकाश होतं. मला विमानांवर लिहायचं होतं. का, हे मला सांगता येत नसे. वरून विमान गेलं, की मी बोलता बोलता वाक्य अर्धवट सोडून वर पाहत असे. एवढं एकच कारण माझ्यापाशी होतं. सहा महिने मागे लागल्यावर आमचे संपादक देवस्थळी म्हणाले होते, "गुळवेबाई, वडजाईच्या माळावर ते ग्लायडिंगचं केंद्र आहे ना, तिथून एक पानभर मजकूर आणा. तो वाचून माझा चहा गार झाला, तर विमानांचं सदर तुमचं. नाही झाला, तर पुढच्या महिन्यात कैरीच्या पदार्थांचं पान आहेच."

पहिल्या भेटीत साहेबांनी मला शेडच्या दारातूनच परत पाठवलं होतं. "पेपरवाले इथे एकदाच आले होते. विमान बाभळीत अडकलं तेव्हा. फोटो काढले, बाभळीचा सुद्धा काढला. त्याआधी आणि नंतर हेच विमान रोज उतरलं, त्याचं काय? पेपरात विमान येतं ते पडलेलं. न पडलेल्या विमानाशी तुम्हाला कर्तव्य नाही, मग मला तुमच्याशी नाही."

दुसऱ्या भेटीत मात्र, बहुधा वहिनींच्या मध्यस्थीमुळे, ते दोन अटींवर तयार झाले. एक म्हणजे मी वर गेल्याशिवाय वरचं लिहायचं नाही. आणि दुसरी, त्यांनी वाचून 'हो' म्हटल्याखेरीज एक अक्षरही छापायचं नाही. मी शब्द दिला होता.

"पुढच्या महिन्यात दिल्लीचा साहेब यायचाय," माझ्या पानात ठेचा वाढत वहिनी हळूच म्हणाल्या. "यांचं शिकवायचं लायसन वाढवायचं का वय झालं म्हणून बंद करायचं, ते ठरवायला. तेव्हा जरा चांगलं लिही हो, बाई. घरी बसले तर मला वेड लावतील. एकदा ताप आला होता, तर अंथरुणातून माझ्या पोळ्या कशा लाटल्या जाताहेत ते सांगत होते."

मी वर पाहिलं. शेडच्या आढ्याला एक पत्र्याची बादली टांगलेली होती, काठोकाठ भरलेली.

"ही कशाला?"

"मानाची हाय ती," दस्तगीर म्हणाला. त्याचा आवाज एकदम पुजाऱ्यासारखा झाला. "दोर सुटतो त्या उंचीवरनं विमान खालीच यायचं, असा कायदा हाय. पण कुणी आपल्या हातानं वर जाणारा वारा धरला आन् दोर सुटल्या जागेच्या बी वर चढला, तर खाली उतरल्यावर त्याच्या डोक्यावर ही बादली. हौदाचं गार पाणी. मग तो डाक्टर असू द्या, न्हाईतर मामलेदार. सुट्टी न्हाई. साहेबांच्या बी डोक्यावर पडलीया, पहिल्या टायमाला."

"लग्नाच्या आदल्या दिवशी," वहिनी म्हणाल्या. "हळदीला शिंकत बसले होते."

"आणि एरवी?"

"एरवी लोक कोरडंच जात्यात," दस्तगीर म्हणाला. "मी आपला भरून ठेवतो रोज. आशा असावी माणसाला."

मग साहेबांनी मला पुढच्या आसनात बसवलं, पट्टे आवळले आणि ते मागच्या आसनात बसले. पुढचा शिकाऊ, मागचा शिक्षक; दोघांच्या पुढ्यात एकेक दांडी, दोन्ही एकमेकींना जोडलेल्या. केंद्रात सगळे तिला काठी म्हणत. वर काचेचं छत नव्हतं. समोर वारा अडवायला तळहाताएवढी एक काच, बस्स.

"नीट ऐका," मागून साहेबांचा आवाज आला. "वर वारा शब्द खातो. म्हणून आपलं काम थापेवर चालतं. खांद्यावर एक थाप, म्हणजे काठी तुमच्याकडे. दोन थापा, म्हणजे काठी माझ्याकडे. लगेच सोडायची. कुरकुर करायची नाही, मागे वळून बघायचं नाही."

"आणि तीन?"

"तीन थापा म्हणजे मी घाबरलोय. अजून कुणाला मारलेल्या नाहीत."

दस्तगीर पळत माळाच्या पलीकडे गेला. दूरवर इंजिन खाकरलं. गवतातला ढिला दोर सापासारखा सरळ झाला, आणि पुढच्या क्षणी माझं पिठलं-भाकरीसकट सगळं पोट माळावरच राहिलं नि उरलेली मी वर गेले. समोर जमीन नव्हती, क्षितिज नव्हतं. नुसतं निळं होतं, आणि त्या निळ्यात मी पाठीवर निजल्यासारखी घुसत होते. तोंड उघडं होतं. त्यातून जो आवाज निघत होता तो किंचाळीचा की हसण्याचा, हे मला आजही सांगता येणार नाही. मग खट् झालं. दोर सुटला. नाक खाली आलं. आणि सगळा गोंगाट कुणीतरी चादर ओढून घ्यावी तसा निघून गेला.

खांद्यावर थाप पडली. एक.

मी काठी धरली. विमानाने नाक वर केलं. मी काठी पुढे ढकलली; त्याने मान खाली घातली. मी घाबरून मागे ओढली.

"बाई, काठी आहे ती! मुसळ नव्हे!" साहेब ओरडले. "दोन बोटांनी धरा! हं. आता डावीकडे. हळू. मांजराला कुरवाळल्यासारखं."

मी मांजराला कुरवाळलं. डावा पंख जरासा झुकला आणि त्या पंखाखाली पृथ्वी गोल फिरू लागली. माझ्या हाताने फिरू लागली! मी श्वास सोडते न सोडते, तोच खांद्यावर थापा पडल्या. दोन.

"घारी!" साहेब ओरडले. "डावीकडे घारी!"

शिस्त म्हणजे शिस्त. मी काठी सोडली. डावीकडे पाहिलं. खरोखर घारी होत्या. पंख न हलवता, एकमेकींमागे गोल गोल फिरत त्या वर चढत होत्या. मी मांडीखाली दाबून ठेवलेली वही काढली, पेन्सिल काढली, मान खाली घातली आणि लिहू लागले.

आसनाखालून कुणीतरी पाट उचलावा तसा एक धक्का बसला. मग दुसरा. उंचीचा काटा, जो इतका वेळ खाली सरकत होता, तो थबकला आणि वर निघाला.

"वा!" मागून आवाज आला. "काय वळण आहे!"

माणूस स्वतःच्या कामावर किती खूश आहे, असं मला वाटलं. पण वळण होतंच तसं. पंख कुठेही थरथरत नव्हता. आम्ही गोल फिरत होतो, वर चढत होतो, नि खालचा माळ हळूहळू लहान होत होता. शेड आगपेटीएवढी झाली, सतरंजी तिकिटाएवढी, आणि त्या तिकिटावरचा ठिपका म्हणजे अनसूयावहिनी. नदी दिसली, तिच्या कडेने उसाचे हिरवे तुकडे. आणि मग, त्या उंचीवर, कुणाचाही विश्वास बसणार नाही असा, उकळत्या काकवीचा वास आला. खालच्या गुऱ्हाळाचा वास गरम हवेबरोबर वर चढला होता, आमच्यासारखाच. एक घार उजव्या पंखाच्या टोकाशी आली. तिने मान वळवून माझ्याकडे पाहिलं; नव्या भाडेकरूकडे शेजारीण पाहते तसं. मी मोठ्याने हसले. वाऱ्याने ते हसू तोंडातून काढून नेलं, म्हणून मी आणखी मोठ्याने हसले.

"अप्रतिम!" मी ओरडले.

"आहेच!" साहेब ओरडले. "असंच! असंच चालू द्या!"

'कॅप्टन रणनवरे यांना वर गेल्यावर स्वतःला उत्तेजन देण्याची सवय आहे,' मी वहीत लिहिलं. 'बहुधा सर्वच वैमानिकांना असावी.'

किती वेळ आम्ही असे फिरलो, ते मी मोजलं नाही. ज्याने मोजायला हवं होतं, त्यानेही मोजलं नाही. मी लिहीत होते, घारी पाहत होते, काकवीचा वास घेत होते. साहेब मागे गाणं म्हणत होते. लग्नातलं काहीतरी, आणि सुरात मुळीच नव्हे. मग पुन्हा खांद्यावर दोन थापा पडल्या. आता कुठे घारी, म्हणून मी इकडेतिकडे पाहिलं. काहीच नव्हतं. विमान सरळ झालं, माळाकडे निघालं आणि जरासं हेलकावू लागलं. वारा बदलला असावा, असं मी लिहिलं.

आम्ही उतरलो. चाक खडखडलं, गवत सळसळलं आणि ग्लायडर थांबून हळूच एका पंखावर कललं. मी पट्टे सोडून उभी राहिले. समोरून दस्तगीर पळत येत होता. दोन्ही हातांत बादली. त्यामागे वहिनी, पदर खोचून.

"चढलं! चढलं!" दस्तगीर ओरडत होता. "दोराच्या वर! पार वर! घारींच्या पंगतीला!"

"ओत!" साहेब खाली उतरून माझ्याकडे बोट दाखवत म्हणाले. त्यांचे डोळे चकाकत होते. "ओत, दस्तगीर! गेल्या दहा वर्षांत असा हात पाहिला नाही मी. पहिल्याच खेपेला! बाई, तुम्ही स्वेटर विणता कशाला?"

बादली वर गेली. मी दोन्ही हात पुढे केले. "थांबा! थांबा, दस्तगीरभाई. हा मान माझा नाही. मी कुठे काही केलं? विमान साहेबांच्या हातात होतं."

"विनय पुरे," साहेब म्हणाले. "काठी तुमच्याकडे होती."

"पण तुम्ही काढून घेतलीत ना? दोन थापा मारल्यात!"

"कधी?"

"घारी दिसल्या तेव्हा!"

"त्या घारी दाखवायला मारल्या! लक्ष वेधायला!" साहेबांचा आवाज जरा खाली आला. "मग तुम्ही… तुम्ही मान खाली घालून काय करत होता? मला वाटलं, काठीवर मन लावलंय."

मी वही पुढे केली.

साहेबांनी वही पाहिली. मग माझ्याकडे पाहिलं. मग ग्लायडरकडे. दस्तगीर डोक्यावर बादली धरून उभाच होता. पाणी काठावरून ठिबकत त्याच्या बाहीत शिरत होतं.

"तरीच!" वहिनी म्हणाल्या. "तरी मी खालनं म्हणत होते, आज हे नाहीत. यांचं वळण मला ठावं आहे. तव्यावरची भाकरी फिरवल्यागत सारखं थापटत असतात विमानाला, एक क्षण गप्प बसू देत नाहीत. आज ते कसं शांत फिरत होतं! मला वाटलं, ही पोरगीच उडवतीय. म्हटलं, यांच्यापेक्षा बरी आहे." त्या थांबल्या. त्यांनी एकदा नवऱ्याकडे आणि एकदा माझ्याकडे पाहिलं. "मग अहो, एवढा वेळ वर विमान चालवत होतं कोण?"

घारी अजून वर फिरत होत्या.

"साहेब," दस्तगीर म्हणाला, "माझं हात दुखाय लागलं. कुणावर ओतू?"

साहेब गवतात बसले. बसले म्हणजे कुणीतरी दोर सोडावा तसे खाली आले. त्यांचे खांदे हलू लागले. मला आधी वाटलं, त्यांना काही होतंय; मी धावले. ते हसत होते. आवाजच निघत नव्हता. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि एक हात ते नुसता हवेत गोल गोल फिरवत होते. ते पाहून मी खाली बसले. मग वहिनी बसल्या. "काय वळण आहे!" साहेब कसेबसे म्हणाले, आणि मी म्हटलं, "असंच चालू द्या!" त्यावर वहिनींना ठसका लागला. त्यांना पाणी हवं होतं नि पाणी तर दस्तगीरच्या डोक्यावर होतं.

"हसताय काय?" तो रडकुंडीला येऊन म्हणाला. "मान कुणाचा ते सांगा!"

साहेबांनी डोळे पुसले. त्यांनी ग्लायडरकडे बोट केलं.

दस्तगीरने क्षणभर विचार केला. मग तो ग्लायडरच्या नाकापाशी गेला, पायांतल्या चपला त्याने काढल्या आणि बादलीभर पाणी, एक थेंबही वाया न घालवता, त्या लाकडी नाकावर ओतलं. पाणी निथळत गवतात गेलं. नाक चमकलं. कुणाचा विश्वास बसो वा न बसो, ते ग्लायडर खुशीत दिसत होतं.

हसू ओसरलं तसा साहेबांचा चेहरा बदलत गेला. काय झालं ते आता त्यांना दिसू लागलं होतं. दोन माणसं, एक विमान, आणि काठीवर कुणाचाच हात नाही. तेवढ्यात एखादा वाऱ्याचा वेडावाकडा झोत आला असता तर? ते उठले, कपडे झटकले, आणि आमच्याकडे पाठ करून नाकावरचं पाणी रुमालाने टिपू लागले.

वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. दिल्लीच्या साहेबांचं नाव घ्यायची गरज नव्हती.

मला लेख मिळाला होता. देवस्थळींचा चहा गार करील असा, नव्हे बर्फ करील असा. आणि तो लिहिला तर या माणसाचं आकाश जाणार होतं. मी वही मिटली.

"साहेब, मी घारींबद्दल लिहीन. काकवीच्या वासाबद्दल लिहीन. तेवढ्याने पान भरेल."

"घारींबद्दल कुणीही लिहील," ते पाठमोरेच म्हणाले.

"छापायचं नाही असं तुम्ही म्हणू शकता. मी शब्द दिलाय."

"माहीत आहे." त्यांनी रुमाल पिळला. "बाभळीत अडकलं तेव्हा मी तुमच्या पेपरवाल्यांना म्हटलं होतं, या विमानाच्या अंगात काय आहे ते बघायचं असेल तर ते पडलेलं नसताना या. आता तुम्ही आलात. आणि ते असं न पडता दाखवलं त्याने, की आपल्या दोघांचीही गरज पडली नाही. आणि आता मी म्हणू, लिहू नका?" ते वळले. "लिहा. माझ्या नावासकट लिहा. चूक माझी, थापेला दोन अर्थ ठेवणारा शिक्षक मूर्ख असतो, हे माझ्या तोंडचं वाक्य म्हणून घाला. फक्त विमानाला नशीबवान वगैरे म्हणू नका. त्या वेळी वर जे तिघं होते, त्यांत शुद्धीवर तेच होतं."

"आणि लायसन?" वहिनी म्हणाल्या.

"गेलं तर तुझ्या पोळ्या सुधारतील."

"पेटवा ते लायसन मग," वहिनी म्हणाल्या. पण डबा आवरताना त्यांना झाकण बसवायला बराच वेळ लागला.

लेख मी त्याच संध्याकाळी एसटी स्टँडवर बसून लिहिला. साहेबांनी तो वाचला, 'मूर्ख'च्या आधी 'महा' घातलं आणि खाली सही केली. देवस्थळींनी वाचला तेव्हा चहावर साय धरली होती.

"बाई, यात नायक कोण?"

"विमान."

"आणि वेडे?"

"आम्ही दोघं."

"छापू," ते म्हणाले, आणि कैरीचं पान त्यांनी दुसऱ्या कुणाला तरी दिलं.

महिन्याने दिल्लीचे परीक्षक वडजाईला आले, ते माझ्या लेखाचं कात्रण खिशात घेऊन. कुणाकडून तरी त्यांनी त्याचं भाषांतर करवून घेतलं होतं. ते साहेबांच्या पुढच्या आसनात बसून वर गेले. दस्तगीर सांगतो, "काठी तुमच्याकडे!" आणि "काठी माझ्याकडे!" असा साहेबांचा पुकारा पार विंचपर्यंत ऐकू येत होता, वाऱ्याला तो खाता आला नाही, आणि माळावरची गुरं बुजून पळाली. लायसन वाढवून मिळालं. शेऱ्यात लिहिलं होतं, खांद्यावर थापा मारणे तात्काळ बंद करावे.

त्यानंतर मी विमानांवरच लिहीत राहिले. हँगर पाहिले, धावपट्ट्या पाहिल्या, मोठमोठ्या जेट विमानांच्या पुढच्या खोलीत, दोन वैमानिकांच्या मागे, अंग चोरून बसले. तिथे एकाने दुसऱ्याच्या हाती विमान सोपवलं, की दोघंही ते मोठ्याने, स्पष्ट बोलून सोपवत. आणि दर खेपेला माझा खांदा आपोआप शहारे. विमान पडल्याच्या बातम्याही मला लिहाव्या लागल्या. ते टळलं नाही. पण न पडलेल्या विमानांचा ढीग त्याहून कितीतरी मोठा होता, आणि माझ्या पुस्तकात मी तोच रचत गेले.

ते पुस्तक पुरं व्हायला वीस वर्षं लागली. प्रकाशनाचा समारंभ पुण्यात झाला. सभागृह भरलेलं, मंचावर रेशमी जाकीट घातलेले अध्यक्ष, शाल, नारळ, सगळं यथासांग. पहिल्या रांगेत साहेब बसले होते, आता काठी टेकत चालणारे, शेजारी वहिनी. अध्यक्षांनी पुस्तकावरचा कागद सोडला, टाळ्या सुरू झाल्या, आणि त्याच वेळी मागच्या दारातून, गर्दीतून वाट काढत, पिकल्या दाढीचा एक माणूस मंचाकडे येऊ लागला. त्याच्या हातात पत्र्याची बादली होती. काठोकाठ भरलेली.

अध्यक्ष खुर्ची सरकवून उभे राहिले. आयोजकांपैकी कुणीतरी "अहो, अहो" म्हणत धावलं. दस्तगीरने कुणाकडे पाहिलं नाही. तो पायऱ्या चढून मंचावर आला, चपला काढल्या, बादली डोक्यावर उचलली आणि पहिल्या रांगेकडे वळून खणखणीत आवाजात विचारलं,

"साहेब, कुणावर ओतू?"

साहेब काठीवर भार देत सावकाश उभे राहिले.

"बाईंवर," ते म्हणाले. "या खेपेला मागे कुणी बसलेलं नव्हतं."

मी चष्मा काढून अध्यक्षांच्या हातात दिला, पदर खोचला आणि मान खाली घातली. पाणी हौदाचं होतं, वडजाईहून आणलेलं, आणि गारेगार होतं.